गडचिरोली मोजायची कशानं?

पॅसिफिक महासागरात टोकेलाऊ नावाचा एक प्रदेश आहे. प्रवाळांची तीन कडी, प्रत्येकाच्या पोटात खारं पाणी आणि भोवती नजर पोहोचेल तिथवर समुद्र. तिन्ही बेटांची जमीन एकत्र केली तरी ती 12 चौरस किलोमीटरच्या पुढे जात नाही, आणि पाण्यापासून पाच मीटरहून फारशी वरही येत नाही. 2016 मध्ये तिथे सुमारे दीड हजार माणसं राहत होती. विमानतळ नाही. सामोआच्या आपिया बंदरातून बोटीत बसायचं आणि एक अख्खा दिवस आणि रात्र लाटांवर काढायची, मग कुठे पहिलं बेट दिसतं. मालकी न्यूझीलंडची आहे, पण रोजचा कारभार गावं पाहतात. प्रत्येक बेटावर जाणत्यांची एक बैठक असते, तिला ते ‘ताउपुलेगा’ म्हणतात. जगाच्या नकाशावर टोकेलाऊला स्वतःचं नाव, झेंडा आणि चौकट आहे.

आता गडचिरोली जिल्ह्यात, धानोरा तालुक्यात या. मेंढा (लेखा) हे गोंडांचं गाव. वस्ती पाचशेच्या घरात. 2009 मध्ये वनहक्क कायद्याखाली या गावाला त्याच्या परंपरागत जंगलावर सामूहिक हक्क मिळाला, देशात अगदी पहिल्यांदा मिळालेल्या हक्कांपैकी हा एक. जंगल किती? 1,809 हेक्टर. म्हणजे 18 चौरस किलोमीटर. एका गावाचं जंगल टोकेलाऊच्या सगळ्या जमिनीच्या दीडपट!

हा हिशेब मी दोनदा करून पाहिला. टोकेलाऊ हा ‘प्रदेश’, त्याच्या दर्जाबद्दल संयुक्त राष्ट्रांत चर्चा होते. मेंढा हे मात्र गाव, आणि तेसुद्धा आपण ज्याला महाराष्ट्राचं टोक म्हणतो तिथलं. तेव्हापासून मला वाटतं, गडचिरोली आणि चंद्रपूर आपण चुकीच्या मापानं मोजत आलो आहोत.

आपलं नेहमीचं माप माणसांच्या गर्दीचं. त्या मापानं गडचिरोलीचं क्षेत्रफळ 14,412 चौरस किलोमीटर, 2011 ची लोकसंख्या 10,72,942, आणि दर चौरस किलोमीटरला माणसं 74. महाराष्ट्राची सरासरी 365. राज्याच्या जमिनीतला जवळजवळ पाच टक्के भाग, आणि माणसं पुरती एक टक्काही नाहीत. मुंबईतल्या दाटीनं राहायचं ठरवलं, तर अख्खा जिल्हा 52-53 चौरस किलोमीटरमध्ये बसेल. या आकड्यांवरून ‘विरळ’, ‘दुर्गम’, ‘मागास’ हे तीन शब्द पाठोपाठ येतात आणि प्रकरण मिटतं.

पण तोच जिल्हा जमिनीच्या मापानं बघा. गोव्याचं क्षेत्रफळ 3,702 चौरस किलोमीटर. एका गडचिरोलीत जवळजवळ चार गोवे मावतात. मुंबई शहर आणि उपनगर मिळून 603 चौरस किलोमीटर, तशा मुंबया 23 मावून वर जागा उरते. शेजारचं चंद्रपूर 11,443 चौरस किलोमीटर. 26 ऑगस्ट 1982 पर्यंत हे दोन्ही एकच जिल्हा होते. जुन्या लोकांच्या बोलण्यातला ‘चांदा जिल्हा’ तो हाच, आजच्या हिशेबानं जवळपास 26 हजार चौरस किलोमीटरचा. टोकेलाऊच्याच पॅसिफिकमधली फ्रेंच पॉलिनेशियाची सुमारे 120 बेटं भारताच्या दीडपट समुद्रात विखुरलेली आहेत, पण त्यांची सगळी जमीन वेचून आणली तर साडेतीन हजार चौरस किलोमीटरच्या आसपास भरते. ती गडचिरोलीच्या चौथ्या हिश्शात संपते. ताडोबा-अंधारी व्याघ्रप्रकल्पाचा गाभा 625 आणि बफर 1,102 चौरस किलोमीटर, दोन्ही मिळून 1,727. ताहिती हे त्या बेटांमधलं सगळ्यात मोठं बेट, ते 1,045 चौरस किलोमीटरचं. म्हणजे आपला वाघ ताहितीपेक्षा मोठ्या मुलखात फिरतो.

त्या बेटांना समुद्र वेढतो, इथल्या गावांना जंगल. गडचिरोलीत वनाच्छादन सुमारे 10 हजार चौरस किलोमीटरचं आहे. राज्यात जिथं कुठं झाडांची सावली आहे, तिचा पाचवा हिस्सा या एका जिल्ह्यात. दीड हजारांहून जास्त गावं या हिरव्या पसाऱ्यात विखुरलेली आहेत. गोंडी, माडिया, मराठी, हिंदी, तेलुगू, बंगाली, छत्तीसगढी अशा सात भाषा तिथे रोजच्या बोलण्यात आहेत. बंगाली भाषा पूर्व बंगालमधून आलेल्या निर्वासितांबरोबर चामोर्शी-मुलचेऱ्याकडे आली. रेल्वे उत्तरेच्या टोकाला, देसाईगंज-वडशाला स्पर्श करून पुढे निघून गेली. वडशाहून गडचिरोलीपर्यंतचा 52 किलोमीटरचा फाटा मागून मंजूर झाला.

अंतराचं मापही इथे वेगळं पडतं. भामरागड ते गडचिरोली सुमारे पावणेदोनशे किलोमीटर. मुंबईहून पुण्याला जाण्यापेक्षा लांब, आणि तेही आपल्याच जिल्ह्याच्या गावी एका दाखल्यासाठी. सिरोंच्याला उभं राहिलं तर मुंबई सरळ रेषेत साडेसातशे किलोमीटरवर आणि हैदराबाद सव्वादोनशेवर. नागपूरही हैदराबादपेक्षा लांब पडतं. सिरोंच्याच्या बाजारात तेलुगू का ऐकू येते, याचं उत्तर या तीन आकड्यांत आहे आणि थोडंसं इतिहासातही. हा मुलूख 1860 पर्यंत निजामाकडे होता. मग इंग्रजांनी घेतला, सिरोंचा हे ‘अप्पर गोदावरी’ नावाच्या जिल्ह्याचं मुख्य ठिकाण झालं आणि 1874 मध्ये तो जिल्हा मोडून सिरोंचा चांद्याला जोडलं. चांद्याचं गोंडराज्य 1751 मध्ये भोसल्यांकडे गेलं होतं, 1854 मध्ये तेही इंग्रजांकडे आलं. त्यानंतर चार वर्षांनी, 21 ऑक्टोबर 1858 ला, इंग्रजांविरुद्ध उठलेले बाबुराव पुल्लेसूर शेडमाके यांना चांद्याच्या तुरुंगासमोर फाशी दिलं. ते पंचवीस वर्षांचे होते. टोकेलाऊही 1889 मध्ये ब्रिटनच्या संरक्षणाखाली आलं आणि 1948 च्या कायद्यानं न्यूझीलंडचा भाग झालं. दोन्हीकडे जमीन एका कागदावरून दुसऱ्या कागदावर गेली, आणि तिथल्या माणसाला कुणी विचारलं नाही.

पावसाळ्यात मात्र उपमेची गरजच उरत नाही, इथे खरोखरची बेटं तयार होतात. भामरागडला पर्लकोटा, पामुलगौतमी आणि इंद्रावती या तीन नद्या एकत्र येतात. वर्षानुवर्षं पर्लकोटेचा बुटका पूल आषाढ-श्रावणात पाण्याखाली गेला की तालुक्याचं गाव जगापासून तुटायचं, आणि पलीकडच्या गावांना तर मधले नाले, रपटे सगळेच आडवे येतात. तेव्हा उरतो तो डोंगा. एका खोडाचा, आतून कोरलेला. पॉलिनेशियाच्या दर्यावर्द्यांनी होड्यांच्या बळावर जगातला सगळ्यात मोठा महासागर पालथा घातला. आपल्याकडचा माणूस आजारी बाईला घेऊन डोंग्यातून शंभर मीटर पाणी ओलांडतो. ते शंभर मीटर कोणत्याही महासागराइतकेच रुंद असू शकतात.

पाणी किती? जिल्ह्यात वर्षाला सरासरी 1,300 मिलिमीटर पाऊस धरू. 14,412 चौरस किलोमीटरवर तो पडला की सुमारे 660 टीएमसी पाणी होतं. कोयना धरण काठोकाठ भरल्यावर 105 टीएमसी. सहा कोयना आभाळातून दरवर्षी या एका जिल्ह्यावर रित्या होतात. आणि हे झालं फक्त स्वतःचं पाणी, पाहुणं पाणी वेगळं. वर्धा बैतूलकडून येते, वैनगंगा शिवनीकडून, पैनगंगा बुलढाण्याच्या डोंगरातून. चपराळ्याजवळ वर्धा आणि वैनगंगा मिळतात आणि तिथून पुढे नदीचं नाव प्राणहिता होतं. प्राणहितेची लांबी किती? जेमतेम 113 किलोमीटर. पण तिच्यातून वाहतं ते 1,09,078 चौरस किलोमीटर मुलखाचं पाणी. महाराष्ट्राच्या क्षेत्रफळाच्या तिसऱ्या हिश्शाहून मोठा प्रदेश या 113 किलोमीटरच्या गळ्यातून गोदावरीत उतरतो. वाशिमच्या शेतातून निसटलेलं आणि नागपूरच्या पन्हाळीतून गेलेलं पाणी शेवटी सिरोंच्याच्या माणसाच्या दारात येतं. त्याच गोदावरीवर तेलंगणानं मेडीगड्ड्याला 85 दरवाजांचा बंधारा बांधला, 2019 मध्ये तो सुरू झाला, आणि त्याची फुग सिरोंच्याच्या काठच्या शेतांना भोगावी लागली. भूगोलात प्राणहितेला दीड ओळ मिळते. तिला स्वतंत्र पान हवं.

आता काळाचं माप. इथे डोकं खरोखर गरगरतं, म्हणून एक साधी पट्टी घेऊ: एक लाख वर्षं म्हणजे एक मिलिमीटर.

या पट्टीवर माणूस नावाची आपली जात तीन मिलिमीटरची. ताहिती बेट समुद्रातल्या ज्वालामुखीतून वर आलं, त्याला सुमारे 14 लाख वर्षं झाली, म्हणजे दीड सेंटिमीटरसुद्धा नाही. त्या बेटावर माणूस पोहोचून हजारेक वर्षं झाली असतील, ती पट्टीवर दाखवायला केसाहून बारीक रेघ काढावी लागेल. सिरोंचा तालुक्यातल्या पोचमपल्ली गावाजवळच्या दगडांत मात्र पट्टी एक मीटर ऐंशी सेंटिमीटरवर जाते. 18 कोटी वर्षं. 1960 च्या आसपास कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेच्या शास्त्रज्ञांनी तिथून सुमारे 300 हाडं काढली. ती किमान सहा डायनासोरांची होती, सगळी जवळजवळ एकाच ठिकाणी गाडली गेलेली. एकेक मांडीचं हाड पावणेदोन मीटरच्या घरात, म्हणजे उंच माणसाच्या डोक्याला लागेल एवढं. जनावराची लांबी सुमारे 14 मीटर, एका मोठ्या एसटी बसहून जास्त. 1975 मध्ये त्याचं नामकरण झालं: बारापासॉरस टागोराय. बंगालीत ‘बडो पा’ म्हणजे मोठा पाय, आणि पुढचं नाव रवींद्रनाथांचं, कारण उत्खनन झालं ते त्यांच्या जन्मशताब्दीच्या सुमारास. डोक्याची कवटी कधी सापडलीच नाही. उरलेला सांगाडा कोलकात्यात संस्थेच्या संग्रहालयात उभा आहे. सिरोंच्याजवळ वडधमला जीवाश्म उद्यान आहे, तिथे दगड झालेली झाडांची खोडं जमिनीवर पडलेली दिसतात. महाराष्ट्रातल्या किती शाळांच्या सहली तिकडे जातात? माझ्या ओळखीत एकही नाही.

पट्टी आणखी पुढे सरकवली की चंद्रपूरचा कोळसा लागतो, पावणेतीन मीटरच्या आसपास. सुमारे 28 कोटी वर्षांपूर्वीच्या दलदलीतली ही झाडं. त्या वेळी भारत, आफ्रिका, ऑस्ट्रेलिया, अंटार्क्टिका, दक्षिण अमेरिका सगळे एकमेकांना चिकटलेले होते. आज न्यूझीलंड म्हणतात ती जमीनही त्याच खंडाच्या कडेला होती. माओरी माणसं ज्या जमिनीवर जाऊन वसली, ती ताहितीसारखी ज्वालामुखीची ताजी राख नाही, ती आपल्या चंद्रपूरची जुनी शेजारीण आहे. त्या महाखंडाचं नाव गोंडवाना, आणि ते गोंडांच्या मुलखावरून पडलं. मध्य भारतातल्या खडकांना मेडलिकॉट या भूशास्त्रज्ञानं 1872 मध्ये हे नाव दिलं, पुढे एडुआर्ड झ्यूस यांनी ते अख्ख्या खंडाला लावलं. अंटार्क्टिकावर संशोधन करणारा माणूसही आज गोंडांचं नाव घेतल्याशिवाय आपलं काम सांगू शकत नाही. आणि पट्टीच्या शेवटी, 25 मीटरच्याही पलीकडे, जिल्ह्याच्या पूर्वेचे 250 कोटी वर्षांहून जुने खडक.

हे सगळं जपून ठेवलेलं नाही, रोज खर्ची पडतं आहे. चंद्रपूरच्या महाऔष्णिक केंद्राची क्षमता 2,920 मेगावॅट. ते पूर्ण क्षमतेनं चोवीस तास चाललं तर सात कोटी युनिट वीज होते. एका युनिटला सातशे ग्रॅम कोळसा धरला तर दिवसाला 49 हजार टन. साडेतीन-चार हजार टनांच्या बारा ते चौदा मालगाड्या रोज भट्टीत रिकाम्या करायच्या. त्या विजेवर मुंबई-पुण्याचे दिवे लागतात, राख मात्र चंद्रपूरकरांच्या छतावर पडते. उन्हाळ्यात 47-48 अंशांची बातमी आली की आपण हळहळतो. ती हळहळ आपल्या घरातल्या बटणापासून सुरू व्हायला हवी.

आणि सुरजागड. एटापल्ली तालुक्यातला हा डोंगर लोहखनिजाचा आहे, आणि तो ठाकूरदेवाचाही आहे. सुरजागड इलाक्यातल्या सत्तर गावांची तिथे यात्रा भरते. खाणपट्टा 348 हेक्टरचा. 2023 मध्ये तिथून वर्षाला काढायच्या खनिजाची मर्यादा 30 लाख टनांवरून 1 कोटी टन झाली. रोजचे 27 हजार टन. पंचवीस-पंचवीस टनांचे ट्रक धरले तर दिवसाला अकराशे, म्हणजे रात्रंदिवस दर 79 सेकंदांना एक.

हा आकडा किती मोठा, ते समजायला पुन्हा पॉलिनेशियात जावं लागतं. माकातेआ हे 24 चौरस किलोमीटरचं बेट. फॉस्फेटसाठी ते विसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून 1966 पर्यंत खणलं गेलं. जवळजवळ साठ वर्षांत सुमारे 1.1 कोटी टन माल निघाला. त्या काळात तिथे तीन हजार माणसं होती, रेल्वे होती, बंदर होतं. खाण संपली, माणसं गेली. आता शंभरही राहत नाहीत, आणि बेटाच्या मोठ्या भागावर विहिरींसारखी खोल भोकं शेजारी-शेजारी आहेत, त्यांतून चालता येत नाही. लोखंडाचं खनिज आणि फॉस्फेट एक नव्हे, डोंगर आणि बेट एक नव्हे. पण एका बेटाचं आयुष्य संपवायला जेवढा माल निघाला, जवळजवळ तेवढाच सुरजागडला एका वर्षात काढायची परवानगी 2023 मध्ये मिळाली. खाणीवर एटापल्लीच्या पोरांना काम मिळालं, ही खरी गोष्ट आहे आणि ती मोजलीच पाहिजे. तिच्या शेजारी हा दुसरा आकडाही मांडायला हवा, त्याच अक्षरात, त्याच पानावर.

कारण छोट्या आकड्यांची ताकद याच जिल्ह्यानं देशाला दाखवली आहे. डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ या संस्थेनं 39 गावांतल्या साध्या बायकांना नवजात बाळाची घरीच काळजी घ्यायला शिकवलं. बाळाचं वजन, ऊब, श्वास, न्यूमोनियाची ओळख, गरज पडली तर इंजेक्शनसुद्धा. त्या झाल्या आरोग्यदूत. नवजात बालकांचे मृत्यू 62 टक्क्यांनी घटले, हा निष्कर्ष 1999 मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये छापून आला. 2011 मध्ये घरोघरी नवजात बालसेवेचा कार्यक्रम ‘आशा’ या गावोगावच्या आरोग्य कार्यकर्त्यांमार्फत देशभर सुरू झाला. गडचिरोलीतल्या 39 गावांची पद्धत लाखो आशांच्या पिशवीत गेली. दिल्लीहून गडचिरोलीला योजना येतात, हे आपण नेहमी ऐकतो. ही गडचिरोलीहून दिल्लीला गेली.

मेंढ्याचं गणितही असंच छोट्यातून मोठं होणारं. एप्रिल 2011 मध्ये केंद्रीय मंत्री जयराम रमेश आणि मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण यांच्या उपस्थितीत गावाला स्वतःच्या बांबूच्या वाहतुकीचे परवाने देण्याचा अधिकार मिळाला. त्याआधी स्वतःच्या जंगलातला बांबू गावाला विकता येत नव्हता. 2013 मध्ये गावानं शेतजमिनीही ग्रामसभेच्या नावावर करून ग्रामदान स्वीकारलं. ‘दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार’ ही त्यांची घोषणा सगळ्यांना माहीत आहे. ती ज्यावर उभी आहे, त्या रीतीची चर्चा कमी होते.

टोकेलाऊनं स्वतःचं सरकार पूर्णपणे स्वतःकडे घ्यायचं की नाही, यावर दोनदा मतदान केलं. 2006 मध्ये 60 टक्के हो म्हणाले, 2007 मध्ये 64 टक्क्यांहून थोडे जास्त. हवे होते दोन तृतीयांश. दुसऱ्या वेळी सोळा मतं कमी पडली आणि प्रश्न तिथेच थांबला. मेंढ्यात असं मतदान होतच नाही. ग्रामसभा सर्वसहमतीनं ठरवते. पाचशेतला एक जण नाही म्हणाला, तर सगळे पुन्हा बसतात.